‘लॅटिना आई’ला रंग कोणता द्यायचा?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही पुण्यातल्या एका अ‍ॅनिमेशन स्टुडिओत कॅरेक्टर डिझाइन करता. अमेरिकेतल्या क्लायंटची तीस सेकंदांची जाहिरात हातात आहे आणि ब्रीफमध्ये फक्त ‘लॅटिना आई (म्हणजे मूळची लॅटिन अमेरिकेतली), पस्तिशीची, प्रेमळ, उत्साही’ एवढंच लिहिलंय. सोबत आलेल्या रेफरन्समधल्या सगळ्या बायका एकाच साच्यातल्या आहेत : गव्हाळ-तांबूस कातडी, काळेभोर लाटदार केस, लाल ओठ, भरलेले नितंब, एक हात कमरेवर. तुम्ही विचारता, लॅटिनो माणसं खरंच अशी दिसतात का? नसतील तर कोणता रंग धरायचा? आणि असंच काढून दिलं तर कोणी आपल्याला वंशवादी म्हणेल का?

मी रंगभूषा करते. सुरुवात मुंबईत झाली, नाटकं आणि मराठी मालिका. लग्नानंतर लॉस एंजेलिसला आले आणि तेव्हापासून बरंचसं काम स्पॅनिश बोलणाऱ्या मंडळींबरोबर चालतं : जाहिराती, वेब मालिका, छोटे चित्रपट. मी अभ्यासक नाही, तेव्हा उत्तर मेकअपच्या खुर्चीमागे उभं राहून जे दिसतं त्यावरून देते. या प्रश्नाला ती जागा वाईट नाही, कारण ज्याला तुम्ही ‘लॅटिना लूक’ म्हणताय तो बराचसा याच खुर्चीत तयार झालाय.

आधी खरी अडचण कुठे आहे ते बघू. तीस सेकंदांत आईच्या वाट्याला फार तर सहा-सात सेकंद येणार. तेवढ्यात बघणाऱ्याला ‘हे लॅटिनो घर आहे’ कळलं पाहिजे, असं क्लायंटला वाटतं. त्याचं वाटणं चूक नाही. पण ते चेहऱ्यावरून कळवायचं ठरवलं की साचा आलाच, कारण नुसत्या चेहऱ्यावरून ते कळत नाही. अमेरिकेच्या २०२० च्या जनगणनेत लॅटिनो लोक सुमारे ६ कोटी २० लाख भरले. तिथे ‘लॅटिनो आहात का’ हा एक प्रश्न होता आणि ‘वंश कोणता’ हा वेगळा. वंशाच्या रकान्यात सुमारे ४२ टक्के लॅटिनोंची नोंद ‘इतर’ अशी झाली, सुमारे ३३ टक्क्यांची दोन किंवा अधिक वंश अशी आणि सुमारे २० टक्क्यांची फक्त ‘गोरे’ अशी. त्याआधीच्या, २०१० च्या जनगणनेत ‘फक्त गोरे’ ५३ टक्के होते. दहा वर्षांत कोणाची कातडी बदलली नाही. फॉर्मची आखणी आणि उत्तरं नोंदवायची पद्धत बदलली, थोडी लोकांची स्वतःकडे बघायची नजरही बदलली असेल. २०२४ मध्ये सरकारने हे दोन प्रश्न एकत्र करायचं ठरवलं, म्हणजे पुढच्या खेपेला आकडे पुन्हा वेगळे दिसू शकतील. सरकारला जे एका रकान्यात बसवता येत नाही ते तुम्हाला एका कलर स्वॉचमध्ये कसं बसेल?

एका जाहिरातीत माझ्याकडे तीन सख्ख्या डोमिनिकन बहिणी होत्या. तिघींना बेसच्या तीन वेगळ्या बाटल्या लागल्या, आणि त्यांतल्या दोन तर एकमेकींच्या जवळपासही नव्हत्या. मॉनिटरवर पाहून दिग्दर्शक म्हणाला, जरा सारखं करा, कुटुंब वाटू दे. खऱ्या बहिणींना बहिणी दिसण्यासाठी रंगवावं लागणं, हा या धंद्यातला रोजचा प्रकार आहे.

आणि जुनाही आहे. ‘वेस्ट साइड स्टोरी’ हा १९६१ चा चित्रपट घ्या. त्यात पोर्तो रिकन टोळीतल्या सगळ्यांना एकाच गडद तपकिरी रंगाचा मेकअप होता. टोळीच्या म्होरक्याचं काम करणारा जॉर्ज चकिरिस मूळचा ग्रीक वंशाचा, तेव्हा त्याला रंगवलं हे एक वेळ समजू. पण रीटा मोरेनो स्वतः पोर्तो रिकोत जन्मलेली. तिलाही तोच लेप. पुढे अनेक वर्षांनी तिने सांगितलं की तोंडाला चिखल फासल्यासारखं वाटायचं. आम्ही सगळे एकाच रंगाचे कसे, पोर्तो रिकन तर नाना रंगांचे असतात, असं तिने मेकअपवाल्याला विचारलं, तर त्याने उलट तिलाच विचारलं की तू वंशवादी आहेस का. आणि नायिका मारिया? ती पोर्तो रिकनच, पण काम नॅटली वूडचं. त्या वर्षीचं सहाय्यक भूमिकांचं ऑस्कर मोरेनो आणि चकिरिस या दोघांनाही मिळालं. सन्मान झाला, आणि साचाही पक्का झाला.

याच्या उलट दिशेचं उदाहरण त्याच्याही आधीचं. मार्गारिता कार्मेन कान्सिनो, जन्म १९१८, न्यूयॉर्क. वडील स्पेनहून आलेले नर्तक, आई आयरिश वळणाच्या घरातली. सुरुवातीला तिला काळ्या केसांच्या ‘लॅटिन’ नर्तकीची किरकोळ कामं मिळत. मग स्टुडिओने तिचं नाव बदललं, केस तांबडे केले आणि कपाळावर फार खाली येणारी केसांची रेघ इलेक्ट्रोलिसिसने मागे सरकवली. विजेच्या सुईने एकेक केस मुळातून जाळायचा, महिनोन् महिने. त्यातून रीटा हेवर्थ तयार झाली, अख्ख्या अमेरिकेची सौंदर्यमूर्ती. आता अलीकडची सोफिया व्हेर्गारा बघा. ती कोलंबियातल्या बारान्किया शहरातली, मूळची सोनेरी केसांची. सोनेरी केस आणि स्पॅनिश वळणाचं इंग्रजी, हे एकत्र कास्टिंगवाल्यांना कुठे बसवावं कळेना. तिने केस गडद केले आणि कामं सुरू झाली. तुमच्या रेफरन्स बोर्डवर निदान एक फोटो तिचा असणार, पैज लावते.

एकीचे केस उजळले, दुसरीचे काळे केले, तिसरीला मुळात होती तीच ओळख रंग फासून पुन्हा दिली. म्हणून माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलींना मी सांगते, पडद्यावरचा चेहरा ‘खरा की खोटा’ यावर वाद घालू नका. त्याच्यावर काय काम केलंय आणि ते कोणाच्या नजरेसाठी केलंय, ते शोधा. तुमच्या रेफरन्सलाही हेच विचारा.

कोणाच्या नजरेसाठी, हे महत्त्वाचं अशासाठी की स्पॅनिश वाहिन्यांवर हाच खेळ उलटा चालतो. इंग्रजी पडद्यावर सगळे लॅटिनो एकसारखे तपकिरी. मेक्सिको किंवा व्हेनेझुएलाच्या मालिकांमध्ये मात्र वर्षानुवर्षं नायक-नायिका गोरे, आणि सावळा चेहरा दिसलाच तर मोलकरणीचा, माळ्याचा, ड्रायव्हरचा. आपल्याकडे नायिकेचा बेस दोन शेड उजळ लावायला मी शिकले होते, त्यामुळे इथे आल्यावर मला काही नवीन शिकावं लागलं नाही. मेक्सिकोच्या राष्ट्रीय सांख्यिकी संस्थेने २०१७ मध्ये एका पाहणीचे निष्कर्ष काढले. लोकांना कातडीच्या ११ रंगछटांची पट्टी दाखवून तुमची यातली कोणती, असं विचारलं होतं. जितकी छटा उजळ तितकं शिक्षण जास्त आणि नोकरी वरची, असा कल दिसला. ‘आम्ही सगळे मिसळलेले, आमच्याकडे वंशभेद नाही’ असं अभिमानाने म्हणणाऱ्या देशात त्यावरून बरीच खळबळ झाली.

त्यानंतर वर्षभराने ‘रोमा’ हा मेक्सिकन चित्रपट आला आणि वाहाका राज्यातल्या त्लाहियाको गावची यालित्सा अपारिसिओ ऑस्करसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीच्या यादीत गेली. त्या यादीत पोचलेली ती मेक्सिकोची पहिली आदिवासी स्त्री. ‘व्होग’च्या मेक्सिको आवृत्तीने जानेवारी २०१९ च्या मुखपृष्ठावर तिला घेतलं. कौतुक झालं, आणि तिच्याच देशात तिच्या रंगारूपावरून अतिशय घाण शब्दांत टीकाही झाली. भूमिका अर्थातच घरकाम करणाऱ्या मुलीची होती. पण या वेळी कॅमेरा तिच्यासोबत चालत होता, एवढा फरक. माझ्या मते तोच मोठा फरक आहे, आणि तुमच्या कामात तो रंगाच्या बाटलीपेक्षा जास्त उपयोगी पडेल. मालिकेत मोलकरीण ट्रे ठेवून फ्रेमबाहेर जाते. तुमची आई फ्रेममध्ये कशासाठी येते?

केसांबद्दल थोडं सविस्तर लिहिते, कारण रेफरन्समध्ये कुरळे केस एकाही बाईचे नाहीत असं तुम्हीच म्हणालात. कॅरिबियन भागात, म्हणजे क्युबा, पोर्तो रिको, डोमिनिकन रिपब्लिकमध्ये, आफ्रिकन वारसा घराघरात आहे आणि केसांत तो सगळ्यात आधी दिसतो. तिथे घट्ट कुरळ्या केसांना सरसकट ‘वाईट केस’ म्हणतात. आज्याही म्हणतात, पार्लरवाल्याही. न्यूयॉर्कमधली डोमिनिकन सलून केस सरळ करण्याच्या हातोटीसाठी प्रसिद्ध आहेत : मोठे रोलर, ड्रायरखाली तासभर, मग गोल ब्रश आणि कडक गरम हवा. गेल्या काही वर्षांत तरुण मुली केस कुरळे ठेवू लागल्या आहेत आणि त्यावरून घरोघरी आईशी वाद होतात. म्हणजे पस्तिशीची आई आणि तिची दहा वर्षांची मुलगी यांचे केस वेगळ्या पद्धतीने राखलेले असणं हे आजच्या काळाचं अगदी खरं चित्र आहे. २०२१ मध्ये न्यूयॉर्कच्या वॉशिंग्टन हाइट्सवरचा मोठा संगीतपट आला. ती वस्ती डोमिनिकन लोकांची, पण प्रमुख भूमिकांत गडद वर्णाचे आफ्रो-लॅटिनो, म्हणजे आफ्रिकन वारशाचे लॅटिनो, जवळपास नव्हते. टीका झाली आणि त्याचा कर्ता लिन-मॅन्युएल मिरांडा याने जाहीर माफी मागितली. तो स्वतः पोर्तो रिकन वंशाचा आहे. घरच्या माणसालाही हे चुकत असेल, तर पुण्यात बसून दोन प्रश्न जास्त विचारायला लाजायचं कारण नाही.

शरीराच्या बांध्याबद्दल. भरलेले नितंब हा रेफरन्स कुठून आला हे सगळ्यांना ठाऊक आहे. १९९७ मध्ये जेनिफर लोपेझने टेक्ससच्या गायिका सेलेनाची भूमिका केली, तेव्हा मुलाखतींमध्ये अभिनयापेक्षा तिच्या पार्श्वभागाची चर्चा जास्त झाली. मजा अशी की हे निव्वळ अपमानास्पद नव्हतं. काडीसारख्या बारीक नायिकांच्या जमान्यात अनेक लॅटिना मुलींना ते आपलं वाटलं, आणि लोपेझनेही ते लपवायला नकार दिला. तेव्हा बांधा भरदार ठेवण्यात मला गैर वाटत नाही. गैर आहे ती पोझ. कमरेवर हात आणि कंबर एका बाजूला काढलेली, ही उभं राहायची रीत कॅमेऱ्यासाठीची आहे. घरात डबा भरणारी बाई अशी उभी राहत नाही, कोणत्याच देशात.

यावर एक उदाहरण तुमच्या ओळखीचं आहे. २००३ ची ‘जस्सी जैसी कोई नहीं’ तुम्ही नाही तरी तुमच्या आईने नक्की पाहिली असेल. तिचं मूळ कोलंबियाच्या ‘यो सोय बेट्टी, ला फेआ’ या १९९९ च्या मालिकेत आहे, आणि त्याचीच अमेरिकन आवृत्ती ‘अग्ली बेट्टी’ २००६ मध्ये आली. तिन्हींत कुरूपता कशाने केली ते पाहा : दातांवरच्या तारा, जाड चष्मा, बेंगरूळ केस, विचित्र कपडे. सगळं काढता येण्यासारखं, कारण शेवटी ते काढायचं होतं. रंगाला हात लावला नाही. अमेरिकन बेट्टी मात्र यात एक पाऊल पुढे गेली. तिथे ती न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातल्या मेक्सिकन घरातली मुलगी होती, आणि पहिल्याच भागात ती चकचकीत फॅशन मासिकाच्या ऑफिसात ‘ग्वादालाहारा’ असं मेक्सिकन शहराचं नाव छापलेला लाल पोंचो, म्हणजे डोक्यातून घालायची शाल, घालून जाते. तिचं हसू होतं ते त्या पोंचोमुळे. कोलंबियात बेट्टी फक्त कुरूप होती. अमेरिकेत तिचं मूळ गावच कुरूपतेच्या सामानात जमा झालं. अमेरिका फेरेरा या नटीने ती भूमिका इतक्या ऐटीत केली की पुढे पोंचो विनोदी न राहता लाडका झाला, पण त्याला काही वर्षं आणि एक फार चांगली नटी लागली. तुमच्याकडे सात सेकंद आहेत. पोंचो नको.

फुलं, फळं, मोठ्ठे दागिने यांचाही इतिहास असाच आहे. डोक्यावर फळांची टोपली घेऊन नाचणारी कार्मेन मिरांडा जन्माने पोर्तुगीज, वाढलेली रिओत. तिचा तो पोशाख ब्राझीलच्या बाहिया भागातल्या कृष्णवर्णीय फेरीवाल्या बायकांचा होता. तो हॉलिवूडमध्ये पोचला, त्या बायका पोचल्या नाहीत. मेक्सिकन चित्रकार फ्रिदा काहलोचंही तेच : २०१८ मध्ये तिची बार्बी आली, फुलं-शाली जागच्या जागी, आणि जुळलेल्या भुवया गायब. ज्या भुवया तिने स्वतःच्या चित्रांत पुन्हा पुन्हा हट्टाने रंगवल्या त्याच नेमक्या. कानातल्या मोठ्या रिंगांबद्दल मात्र माझं मत वेगळं आहे. त्या खऱ्या आहेत, लॉस एंजेलिस आणि न्यूयॉर्कच्या मुली त्या हौसेने घालतात, त्यावरून ऑफिसांत बोलणी खातात आणि तरी घालतात. आईच्या कानात शोभत असतील तर ठेवा.

पुरुषांबद्दल तुम्ही विचारलं नाही, पण जाहिरातीत बाबा असतील तर एक गोष्ट माहीत असू द्या. तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तरही त्यातच आहे. १९६७ मध्ये मक्याच्या चिप्सची एक अ‍ॅनिमेटेड जाहिरात सुरू झाली. नायक ‘फ्रिटो बॅन्डिटो’, मोठी टोपी, मिशा, सोन्याचा दात, पिस्तूल. आवाज मेल ब्लँकचा, म्हणजे बग्ज बनीवालाच. मेक्सिकन-अमेरिकन संघटनांनी आक्षेप घेतल्यावर कंपनीने आधी डिझाइन बदललं. सोन्याचा दात काढला, दाढीचे खुंट काढले, चेहरा हसरा केला. भागलं नाही, कारण हसऱ्या चेहऱ्याने तो चिप्स चोरतच होता. १९७१ मध्ये जाहिरात बंद झाली. तेव्हा वंशवादी म्हणतील का, याचं उत्तर कातडीच्या शेडमध्ये फारसं नाही. पात्र काय करतं आणि हसू कशावर येतं, यात आहे. ते स्टोरीबोर्डमध्ये ठरतं आणि बहुधा तुमच्या हातात नसतं, पण बोलून दाखवणं तुमच्या हातात आहे.

आता माझ्यासमोर ही आई असती तर मी काय केलं असतं. पहिल्यांदा क्लायंटला विचारलं असतं : जाहिरात इंग्रजीत की स्पॅनिशमध्ये, आणि मुख्यतः कुठल्या शहरात दिसणार? सगळं याच्यावर अवलंबून आहे. लॉस एंजेलिसला मेक्सिकन आणि एल साल्वादोरचे लोक जास्त, मायामीला क्युबन, न्यूयॉर्कला पोर्तो रिकन आणि डोमिनिकन. उत्तर ‘सगळीकडे’ असं आलं तर तुम्हीच एक घर ठरवा आणि त्याला धरून राहा. थोडं थोडं सगळं घेतलं की रेफरन्स बोर्डासारखी कुणाचीच नसलेली बाई तयार होते. समजा तुम्ही मेक्सिकन घर धरलंत, आजी वाहाकाची. मग आईची कातडी मध्यम तपकिरी, अंडरटोन किंचित ऑलिव्ह, म्हणजे पिवळ्यात हिरव्याची झाक. परदेशी डिझाइनमध्ये नेहमी नारिंगी झाक टाकतात, ती टाळा, त्यानेच चेहरा ‘रंगवलेला’ दिसतो. केस सरळ, कामाच्या घाईत बांधलेले. नवऱ्याला आणि मुलांना वेगळ्या छटा द्या, निदान दोन शेडचा फरक. डोमिनिकन घर धरलंत तर केसांचं वर लिहिलंय ते वाचा आणि एक मूल आईपेक्षा गडद ठेवा.

ओळख पटवायचं ओझं चेहऱ्यावरून काढून घरावर टाका. मेक्सिकन स्वयंपाकघरात गॅसवर तोर्तिया, म्हणजे त्यांची पातळ पोळी, भाजायचा सपाट तवा असेल, क्युबन किंवा पोर्तो रिकन घरात कॉफीचं तीन भागांचं अ‍ॅल्युमिनियमचं भांडं. भिंतीवर ग्वादालुपेची मेरी, शेजारी थोरल्या मुलीच्या पंधराव्या वाढदिवसाचा घेरदार झग्यातला फोटो. आणि विक्सची बाटली. हसू नका, लॅटिनो घरांत विक्स इतकं चालतं की त्यावर त्यांचेच शेकडो विनोद आहेत, आजी तळपायाला लावून मोजे घालायला लावते इथपर्यंत. ही वस्तू काढायला तुम्हाला रेफरन्सही लागणार नाही.

क्लायंटकडून बहुतेक एक शेरा येईल : ‘जरा अजून लॅटिना करा.’ तो मलाही दर दुसऱ्या कामात ऐकावा लागतो. तेव्हा चिडू नका आणि लगेच ओठ लालही करू नका. शांतपणे लेखी विचारा : रंग गडद हवा आहे, केस मोठे हवेत, बांधा बदलायचाय, की घरातल्या वस्तू वाढवू? लेखी उत्तर द्यायची वेळ आली की बरेच जण वस्तूंवर येतात. तरी ठाम राहिलेच, तर पैसे त्यांचे आहेत, काम करून द्या. पण सोबत तुमची आवृत्तीही पाठवा. माझ्या अनुभवात दोन्ही शेजारी ठेवली की निम्म्या वेळा दुसरी निवडली जाते. हे सगळं मॉडेल शीट, म्हणजे पात्राचं पक्कं चित्र, मंजूर व्हायच्या आत, रिगिंगच्या, म्हणजे ते हलवता येण्यासाठी सांगाडा बसवण्याच्या, आधी. सरळ केसांचं रिग झाल्यावर कुरळे मागितले तर खर्च कोणाचा, यावर निष्कारण भांडण होतं.

आणि आवाजाचा ट्रॅक चेहऱ्याच्या आधी मागून घ्या. व्हॉइस आर्टिस्ट कुठली आहे यावर तोंडाची हालचाल ठरते. क्युबा-पोर्तो रिकोकडच्या बोलण्यात शब्दाच्या शेवटचा ‘स’ बहुतेक वेळा गळतो, मेक्सिको सिटीच्या बोलण्यात तो स्वच्छ ऐकू येतो. ट्रॅक मायामीचा आला आणि स्वयंपाकघर तुम्ही वाहाकाचं काढलं असेल, तर स्पॅनिश कानाला ते पहिल्याच वाक्यात खटकेल. तेव्हा आधी ट्रॅक ऐका, बाई कुठली ते ठरवा, मग तवा काढायचा की कॉफीचं भांडं ते बघा.